बोलायला बंदी असलेलं भूत

'मिस्टेरियम' या खेळात ज्याला सगळं ठाऊक असतं, त्यालाच तोंड उघडायची मनाई असते. खून कुणी केला, कुठे केला, कशानं केला, हे तो जाणून असतो. पण तो पडला भूत. त्यानं बोलायचं नाही, हातवारे करायचे नाहीत, भुवईसुद्धा उडवायची नाही. फक्त चित्रं द्यायची. टेबलाभोवती बसलेल्या बाकीच्यांनी त्या चित्रांवरून खुनाची गोष्ट जुळवायची. इथे एकटा कुणी जिंकत नाही. भुतासकट सगळे जिंकतात, नाहीतर भुतासकट सगळे हरतात.

असा खेळ रुजायला बंगळुरूच्या व्हाइटफील्डइतकी सोयीची जागा क्वचित सापडेल. शनिवारी संध्याकाळी इथून शहरात जाऊन परत येणं म्हणजे अर्धी रात्र रस्त्यावर काढणं. 2023 च्या मार्चमध्ये मेट्रो कडुगोडीपर्यंत आली, तरी ही धास्ती मनातून पुरती गेलेली नाही. त्यामुळे माणसं सोसायटीच्या आवारातच रमतात. क्लबहाउसच्या एका टेबलावर पुण्याचं जोडपं, शेजारचे तमिळ काका, वरच्या मजल्यावरची बंगाली मुलगी आणि नातवंडांसाठी चार महिने येऊन राहिलेले सांगली-साताऱ्याकडचे आजी-आजोबा, अशी बैठक इथे नवलाची नाही. पत्त्यांचा डाव मांडला तर भाषेमुळे आजोबा मागे पडतात. इंग्रजी शब्दांचा खेळ काढला तर ते उठूनच जातात. 'मिस्टेरियम'मध्ये मात्र त्यांना थेट भुताच्या खुर्चीत बसवता येतं, कारण भुताला भाषाच लागत नाही.

खेळाची जन्मकथाही अशीच सीमा ओलांडत गेलेली आहे. ओलेक्सांद्र नेव्हस्की आणि ओलेग सिदोरेंको या युक्रेनी जोडीनं तो रचला. 2013 मध्ये पोलंडच्या 'पोर्टल' या प्रकाशनानं त्याची पोलिश आवृत्ती काढली आणि 2015 मध्ये फ्रान्सच्या 'लिबेल्यूड'नं त्याला नवी चित्रं, नवी मांडणी देऊन जगभर नेलं. हे तेच 'लिबेल्यूड', ज्यांच्या 'दिक्सिट'ला 2010 मध्ये जर्मनीचा वर्षातल्या सर्वोत्तम खेळाचा मान मिळाला होता. स्वप्नात दिसावीत तशी चित्रं आणि त्यावरून लढवायचे तर्क, हा 'दिक्सिट'चा वारसा. कोण, कुठे आणि कशानं, ही तीन प्रश्नांची चौकट मात्र 1949 सालच्या 'क्लूडो'ची. या दोन्ही गोष्टी एकत्र आल्या आणि वर भूत बसलं.

कथा 1920 च्या दशकातली, स्कॉटलंडमधल्या वॉरविक नावाच्या एका प्रासादातली. तिथे पूर्वी एका नोकराचा खून झाला आहे आणि त्याचा आत्मा वास्तूत अडकला आहे. घरात राहायला आलेल्या एका ज्योतिष्याला ते जाणवतं आणि तो देशोदेशीच्या परलोकविद्या जाणणाऱ्यांना एका रात्रीसाठी बोलावतो. मराठी घरांना हे नवं नाही. अक्षरांच्या तक्त्यावर वाटी पालथी घालून प्लँचेट करणाऱ्यांच्या गोष्टी आपल्याकडे मागच्या दोन पिढ्यांपर्यंत रंगवून सांगितल्या जात. इथे फरक इतकाच की वाटी अक्षरांवरून फिरत नाही. आत्मा चित्रं पाठवतो.

आता खेळायचं कसं ते पाहू. दोन ते सात जण खेळू शकतात. एक जण भूत, बाकीचे सगळे तपास करणारे. टेबलाच्या मधोमध तीन रांगा लागतात: संशयित माणसं, जागा आणि वस्तू. प्रत्येक रांगेत तपास करणाऱ्यांच्या संख्येपेक्षा जास्त पत्ते असतात आणि जितकी कठीण पातळी, तितके पत्ते अधिक. भुतापुढे एक उभा पडदा असतो. त्याच्या आतल्या कप्प्यांत प्रत्येक खेळाडूसाठी एक माणूस, एक जागा, एक वस्तू असं गुपित त्रिकूट आधीच लावलेलं असतं. म्हणजे प्रत्येकाचा शोध वेगळा, पण सगळ्यांनी तो पुरा केल्याशिवाय सुटका नाही.

भुताच्या हातात सात चित्रपत्ते असतात. एकूण गड्डी 84 पत्त्यांची. त्यातला एक किंवा जास्त पत्ते भूत एकेका खेळाडूला देतं आणि दरवेळी हात पुन्हा सातांचा करून घेतं. सगळ्यांना पत्ते मिळाले की दोन मिनिटांचं वाळूचं घड्याळ उलटायचं. त्या दोन मिनिटांत मनसोक्त बोलायचं: 'हा निळा रंग बघ, नक्की खलाशी असणार', 'छे, कोपऱ्यात किल्ली आहे, हा द्वारपाल'. मग प्रत्येकानं आपली खूण संशयितांपैकी एकाजवळ ठेवायची. बरोबर असेल तर पुढच्या तासाला (इथे प्रत्येक फेरी म्हणजे एक तास) जागा शोधायची, मग वस्तू. चुकलं तर आधीचे पत्ते हातात राहतात आणि पुढच्या तासाला भूत त्यात भर घालतं. असे एकूण सात तास मिळतात. सातव्या तासाअखेर एकाचंही त्रिकूट अपुरं राहिलं तर सगळ्यांची रात्र वाया.

चार किंवा जास्त खेळाडू असतील तर आणखी एक मजा आहे. दुसऱ्याचा अंदाज बरोबर की चूक, यावर छोट्या खुणांनी आपलं मत लावता येतं. मत खरं ठरलं तर अंतर्ज्ञानाच्या पट्टीवर आपली सोंगटी पुढे सरकते. पहिल्या पोलिश आवृत्तीत ही सोय नव्हती. ती आल्यामुळे स्वतःचं कोडं सोडवून मोकळा झालेला माणूसही दुसऱ्याच्या पत्त्यांत डोकं घालून बसतो आणि टेबलावरची बडबड थांबत नाही.

या पट्टीची खरी किंमत शेवटच्या फेरीत कळते. सगळ्यांची त्रिकुटं सापडली की भूत त्यातलं एक खरं गुन्हेगार त्रिकूट मनाशी ठरवतं आणि तीन चित्रं निवडतं: एक माणसाचं, एक जागेचं, एक वस्तूचं. ती पिसून एकेक करून उलगडली जातात. ज्यांची सोंगटी मागे राहिली त्यांना पहिलंच चित्र पाहून गुप्त मत द्यावं लागतं. मधल्यांना दोन चित्रं पाहायला मिळतात, पुढे गेलेल्यांना तिन्ही. या वेळी कुणी कुणाशी बोलायचं नाही. बहुमत बरोबर निघालं तर आत्म्याला मुक्ती. तासभर कलकलाट केलेल्या टेबलावर शेवटी सगळेच भुतासारखे गप्प होतात.

नियम एवढेच. खेळाचा कस लागतो तो भुताच्या डोक्यात. समजा, आजोबांना सुनेला 'वैद्य' सुचवायचा आहे आणि हातातल्या सात चित्रांत वैद्याशी जुळणारं काहीच नाही. एकात तेवणारा दिवा आहे, एकात पुस्तकांचा जिना चढणारा मुलगा, एकात समुद्रावरची रिकामी होडी. आजोबा दिवा देतात. त्यांच्या मनात आजाऱ्याच्या उशाशी रात्रभर जळणारा दिवा आहे. पण व्हाइटफील्डमध्येच वाढलेल्या नातवाला तो दिवाळीचा दिसतो. शेजारच्या काकांना देवळातला. आणि घरातलं माणूस गेल्यावर दहा दिवस दिवा ठेवणाऱ्या सुनेला त्यात मरण दिसतं. आजोबा पडद्यामागे बसून हे सगळं ऐकतात आणि त्यांना 'अरे, तसं नव्हे' एवढंही म्हणता येत नाही. मेंढीकोटात भिडूला डोळा मारणाऱ्याला आपण जसं दटावतो, तसंच इथे भुतानं कपाळाला आठी घातली तरी दटावायचं असतं. बरोबर की चूक एवढंच मान हलवून किंवा टेबलावर टकटक करून सांगायचं.

चांगलं भूत म्हणूनच स्वतःला काय दिसतं याचा विचार करत नाही. समोरच्याला काय दिसेल याचा करतं. अभियंत्याला आकार आणि चाकं दिसतात, लहान मुलाला कोपऱ्यातला ससा आधी दिसतो, कुणी फक्त रंगावर जातं. हे ओळखून जो पत्ते निवडतो त्याचा डाव पुढे सरकतो. वेगवेगळ्या मुलखांतली माणसं एका छताखाली राहतात तिथे खेळ अवघड होतो आणि म्हणूनच जास्त रंगतो. आठवडाभर लिफ्टमध्ये मान हलवण्यापलीकडे ओळख नसलेल्या शेजाऱ्याच्या डोक्यात काय चालतं, ते एका डावात कळून येतं.

भुताचा हात अगदीच निरुपयोगी असेल तर एक कावळा मदतीला असतो. कावळ्याची सोंगटी वापरून हवे तितके पत्ते टाकून नवे घेता येतात. सोप्या पातळीवर दर तासाला, सगळ्यात कठीण पातळीवर अख्ख्या खेळात एकदाच. मराठी आजी-आजोबांना या कावळ्याचं कारण समजावून सांगावं लागत नाही. पिंडाला कावळा शिवण्याची वाट पाहणाऱ्या लोकांना मृताचा निरोप्या कोण, हे आधीच माहीत असतं.

खुद्द व्हाइटफील्डही भुताच्या गोष्टीला शोभेल असंच आहे, फक्त ते आता दिसत नाही. म्हैसूरच्या चामराजेंद्र वाडियार महाराजांनी दिलेल्या जमिनीवर 1882 मध्ये अँग्लो-इंडियन समाजाची ही वसाहत सुरू झाली आणि त्या समाजाचे पुढारी डी. एस. व्हाइट यांचं नाव तिला मिळालं. गोल मैदानाभोवती उतरत्या कौलांचे बंगले, मागे फळबागा, असा तो 'इनर सर्कल'. तिथल्या वेव्हर्ली इनमध्ये, बंगळुरूच्या छावणीत असलेला तरुण विन्स्टन चर्चिल येत असे आणि मालकाच्या मुलीवर भाळला होता, अशी दंतकथा जुने लोक सांगत. 1990 च्या दशकात आयटीपीएल हे आयटी कंपन्यांचं संकुल उभं राहिलं, बागांच्या जागी मनोरे आले आणि जुने बंगले मोजकेच उरले.

त्याच दशकात कर्नाटकात एक भुताची आवई उठली होती. रात्री एक बाई दार ठोठावते, घरातल्याच कुणाच्या तरी आवाजात हाक मारते आणि दार उघडणाऱ्याचा जीव जातो, असं लोक म्हणत. उपाय म्हणून बंगळुरूतल्या आणि आसपासच्या गावांतल्या घरांवर कानडीत 'नाळे बा', म्हणजे 'उद्या ये', असं लिहिलं जाऊ लागलं. बाई वाचते, परत जाते, दुसऱ्या रात्री पुन्हा तेच. 2018 च्या 'स्त्री' या हिंदी चित्रपटानं हीच कल्पना उचलली. आपल्याकडची हाकामारी तिची सख्खी बहीण शोभावी: पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही, हा नियम कित्येक मराठी घरांत मुलांना सांगितलेला असतो. खेळाआधी टेबलावरच्या प्रत्येकानं आपापल्या गावचं भूत सांगायचं ठरवलं, तर पहिला अर्धा तास त्यातच जातो आणि तो वाया जात नाही.

दोषही सांगायला हवेत. भूत नवखं असेल तर पत्ते निवडायला फार वेळ घेतं आणि बाकीचे मोबाइल काढून बसतात. डब्यावर 42 मिनिटं लिहिलेली असली तरी पहिला डाव त्यात संपत नाही. मांडामांडही किचकट आहे. ती पाहुणे येण्याआधी उरकावी. दोघांनी खेळण्यात फारसा अर्थ नाही. पाच-सहा जण हवेत. चित्रांत बारीक तपशील खूप, त्यामुळे दिवे मंद करून वातावरण तयार करण्याचा मोह आजी-आजोबा असतील तर आवरावा. आणि सगळ्यांचे निर्णय आपणच घेणारा एखादा दीडशहाणा असेल तर त्यालाच भूत करावं.

डबा विकत घ्यायलाच हवा असं नाही. खेळाचा सांगाडा इतका साधा आहे की तो घरी बनवता येतो. जुन्या दिवाळी अंकांतली आणि कॅलेंडरांवरची साठ-सत्तर चित्रं कापून पुठ्ठ्यावर चिकटवा; ही भुताची गड्डी. स्कॉटलंडचा प्रासाद बाजूला ठेवून कोकणातला एखादा वाडा घ्या. माणसं: खोत, कारभारी, सोवळ्यातली आत्या, वैद्य, पुजारी, दूरचा भाचा, सुईण, गडी. जागा: ओसरी, माजघर, माडी, न्हाणीघर, विहीर, गोठा, देवघर, परसदार. वस्तू: अडकित्ता, विळी, वरवंटा, कोयता, दोर, समई, धोतऱ्याचं बी, उखळातलं मुसळ. प्रत्येकी आठ पुरे. वाळूच्या घड्याळाऐवजी मोबाइल चालतो, पडद्याऐवजी उभं केलेलं जाड पुस्तक.

दहा वर्षांवरच्या मुलांना खेळ समजतो आणि सत्तरीच्या माणसांनाही. पहिल्या डावात सोपी पातळी घ्या, कावळा दर तासाला वापरू द्या आणि भुताची खुर्ची घरातल्या सगळ्यात कमी बोलणाऱ्या माणसाला द्या. तो माणूस काय काय विचार करतो, हे घरच्यांनाही बहुधा त्या दिवशी पहिल्यांदाच समजेल.