घरच्या कुत्र्याचे तोंड: बोट कधी घालावे, कधी मुळीच घालू नये

राजगृहातला फेब्रुवारी 1934 चा तो फोटो आपल्यापैकी अनेकांच्या भिंतीवर आहे. यशवंतराव, बाबासाहेब, माता रमाई, लक्ष्मीबाई, मुकुंदराव, आणि त्यांच्यासोबत बाबासाहेबांचा लाडका कुत्रा टॉबी. माणसांची नावे पोरांना पाठ असतात. कुत्र्याचे नाव विचारले की सगळे एकमेकांकडे बघतात.

यंदा आरोग्याच्या पानावर कुत्र्याच्या दातांबद्दल लिहिणार, असे आम्ही नगर तालुक्यातल्या एका वस्तीच्या बैठकीत सांगितले. तेव्हा एक आजी फटकन म्हणाल्या, "ताई, ज्या तळ्यावर कुत्र्यामांजराला पाणी होतं तिथं आपल्याला नव्हतं. आता त्याचे दातबी आपणच घासायचे का?" सगळे हसले, पण आजींचा बोल खरा होता. 20 मार्च 1927 ला महाडला बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले ते याच अन्यायाविरुद्ध. मात्र तो लढा पाणी पिणाऱ्या जनावराशी नव्हता, माणसाला अडवणाऱ्या माणसाशी होता. दुसरे कारण अगदी रोकडे आहे. आपल्याकडे कुत्रा पोरांबरोबर ओट्यावर लोळतो, रात्री कोंबड्या-शेळ्या राखतो. अकोले, संगमनेर, राहुरीकडच्या उसाच्या पट्ट्यात बिबट्याची पहिली चाहूल त्यालाच लागते. अशा कुत्र्याचे तोंड दुखत असले आणि पोराने लाडाने गालाला हात लावला, तर तो पोरालाच चावतो.

"कुत्र्याच्या तोंडाला वास यायचाच," असे आपण धरून चालतो. थोडा वास असतो, पण जवळ बसवत नाही इतकी घाण येत असेल तर ती हिरड्यांच्या आजाराची खूण आहे. पिल्लाला 28 दुधाचे दात असतात. साधारण चौथ्या ते सातव्या महिन्यात ते पडतात आणि 42 पक्के दात येतात, म्हणजे आपल्यापेक्षा 10 जास्त. त्यामुळे पाच महिन्यांच्या पिल्लाचा दात अंगणात सापडला तर घाबरू नका. शहरात पाळतात त्या पॉमेरेनियनसारख्या लहान जातींत मात्र कधी कधी दुधाचा सुळा पडत नाही आणि त्याच्या शेजारी पक्का सुळा येतो. दोन्हींच्या फटीत अन्न अडकते. असे दिसले तर डॉक्टरांना दाखवावे.

कुत्र्याचे दात आपल्यासारखे सहसा किडत नाहीत, हे ऐकून लोकांना नवल वाटते. त्याचा आजार हिरडीतला. खाल्ल्यानंतर दातावर जंतूंचा बुळबुळीत थर बसतो. बोटाने पुसला तर तो निघतो. दोन-तीन दिवस तसाच राहिला तर लाळेतल्या क्षारांनी घट्ट होऊ लागतो आणि पिवळा-तपकिरी दगड बनतो, त्याला आपण कीटण म्हणतो. कीटण हिरडीच्या खाली सरकते, हिरडी लाल होते, सुजते, रक्त येते, शेवटी दाताखालचे हाड झिजून दात हलायला लागतो. सगळ्यात जास्त कीटण वरच्या दाढांच्या बाहेरच्या बाजूला बसते, कारण लाळेची नळी तिथेच उघडते. ओठ उचलल्याशिवाय ही जागा दिसत नाही. म्हणून समोरचे पांढरे दात पाहून समाधान मानू नका.

उपाय घरातलाच आहे. जुन्या सुती लुगड्याचा किंवा धोतराचा मऊ तुकडा धुऊन, उकळून, वाळवून घ्यावा, बोटाला गुंडाळावा, साध्या पाण्यात भिजवावा. कुत्र्याच्या समोर उकिडवे बसू नये, बाजूला बसावे. जबडा फाकवायचा नाही. फक्त ओठाची कड उचलायची आणि दात व हिरडी जिथे मिळतात त्या रेघेवरून बोट हळूहळू गोल फिरवायचे. आतली बाजू सोडली तरी चालते, तिथे त्याची जीभ काम करते. पहिल्या दिवशीच सगळे दात पुसायला गेलात तर तो दुसऱ्या दिवशी तुम्हाला बघूनच पळेल. पहिला आठवडा नुसता ओठाला हात लावावा आणि लगेच भाकरीचा तुकडा द्यावा. दुसऱ्या आठवड्यात सुळे, मग दाढा. एकदा सवय लागली की लहान मुलांचा मऊ ब्रश वापरता येतो. रोज दोन मिनिटे पुरतात. रोज जमत नसेल तर एक दिवसाआड करावे, आठवड्यातून एकदा करून उपयोग नाही, तोवर थर घट्ट झालेला असतो. हे काम मोठ्या माणसाने करावे, आणि कुत्रा गुरगुरला तर तिथेच थांबावे.

दातांना काय लावावे, याबद्दल मात्र आमचे भांडण आहे. आपल्या बायाबापड्या मिशेरी लावतात, हे आम्ही वर्षानुवर्षे बंद करा म्हणून सांगतो आहोत. ती मिशेरी कुत्र्याच्या दातांना चोळणारे घरही आम्ही पाहिले. तंबाखू कुत्र्याला विष आहे. (माणसालाही आहे, ते वेगळे सांगायला नको.) आपली टूथपेस्टही नको. आपण थुंकतो, कुत्रा गिळतो. त्यातला फ्लोराइड त्याच्या पोटात जातो, आणि काही पेस्टमध्ये झायलिटॉल नावाचा गोडवा असतो, त्याने कुत्र्याची रक्तातली साखर एकदम खाली येते. राखुंडी, कोळसा, मीठ, खाण्याचा सोडा हेही नको. कुत्र्यांची वेगळी पेस्ट दुकानात मिळते, परवडली तर घ्यावी. नाही घेतली तरी बिघडत नाही, काम घासण्याने होते.

हाडाचे काय, हा प्रश्न प्रत्येक बैठकीत येतो. मटणाच्या दिवशी नळी कुत्र्याला टाकायची, ही आपली रीतच. पण शिजवलेल्या हाडाच्या अणकुचीदार चिपा होतात, त्या टाळूत, घशात, आतड्यात रुततात. मोठे टणक हाड फोडताना वरची मोठी दाढच चिरते. मग मुळाशी पू होतो आणि डोळ्याच्या खाली गाल सुजतो. लोक म्हणतात गांधीलमाशी चावली. अंगठ्याचे नख दाबून खूण उमटत नाही इतके टणक असेल ते चावायला देऊ नये. हळदीचा रस्सा, कांदा आणि ग्लुकोज बिस्किटेही नकोत. कांद्याने तर कुत्र्याचे रक्त कमी होते.

घट्ट झालेले कीटण घरी निघत नाही. खिळ्याने, नेलकटरने खरवडू नये. ते काम जनावरांच्या डॉक्टरांचे, आणि नीट करायचे तर भूल देऊन, कारण खरा आजार हिरडीच्या आत असतो. एका बाजूनेच चावणे, भाकरी तोंडातून पडणे, पंजाने तोंड चोळणे, लाळेत रक्त दिसणे, यातले काही असेल तर दाखवावे. दुखते म्हणून घरातली डायक्लोफेनॅक किंवा आयब्युप्रोफेनची गोळी देऊ नये. त्याने कुत्र्याच्या पोटात जखमा होतात, मूत्रपिंडे निकामी होतात.

आता ज्यासाठी हा लेख लिहायला घेतला ते. काही वर्षांपूर्वी एका वस्तीवर कुत्र्याचा खालचा जबडा लोंबत होता, लाळ गळत होती, पाणी गिळता येत नव्हते. घरच्या माणसाला वाटले, घशात हाड अडकले. त्याने मनगटापर्यंत हात आत घातला. हाड नव्हते. दोन दिवसांत कुत्रा मेला. पिसाळलेला कुत्रा म्हणजे धावून येणारा, असे आपण समजतो. रेबीजचा दुसरा प्रकार मुका असतो. त्यात कुत्रा चावत नाही, कोपऱ्यात पडून राहतो, जबडा लुळा पडतो, आवाज बदलतो. लाळेत विषाणू असतोच. त्या माणसाच्या बोटाला खुरप्याची ताजी चीर होती, म्हणजे चावा नसूनही धोका तेवढाच. आम्ही त्याला त्याच दिवशी दवाखान्यात नेले, सीरम आणि सगळी इंजेक्शने झाली, आज तो उसाच्या टोळीबरोबर जातो.

म्हणून जबडा लोंबणाऱ्या, लाळ गाळणाऱ्या, अचानक स्वभाव बदललेल्या कुत्र्याच्या तोंडात हात घालू नका. तो घरचा असला तरी नाही. पोरांना दूर ठेवा आणि जनावरांच्या दवाखान्याला कळवा. भटक्या कुत्र्याचे दात तर पाहायलाही जाऊ नका. दात पुसताना लस दिलेल्या कुत्र्याचा दात लागला तरीसुद्धा जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने 15 मिनिटे धुवा. तिखट, चुना, हळद, तेल काही भरू नका. लगेच सरकारी दवाखान्यात जा, लस फुकट आहे. पोटातली 14 इंजेक्शने केव्हाच बंद झाली. आता हाताच्या कातडीत, 0, 3, 7 आणि 28 व्या दिवशी देतात. रक्त आले असेल, किंवा लाळ उघड्या जखमेत वा डोळ्या-तोंडात गेली असेल तर जखमेभोवती द्यायचे सीरम आहे का, हे तिथेच विचारा. "कुत्रा जगतो का बघू" म्हणून थांबू नका. माणसात लक्षणे दिसू लागली की उपाय उरत नाही.

कुत्र्याला तिसऱ्या महिन्यात रेबीजची पहिली लस, मग डॉक्टर सांगतील तशी पुन्हा. त्याचे कार्ड रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवा. लस झाली नसेल तर आधी ती घ्या, दात पुसायची सवय नंतर लावा.

आणि ज्यांचा कुत्रा म्हातारा आहे, दात हलताहेत, डॉक्टर काढा म्हणताहेत, त्यांनी बिचकू नये. दुखणारे दात काढल्यावर कुत्रा उपाशी मरत नाही. बाजरीची भाकरी कोमट पाण्यात कुस्करून, त्यात बिनमसाल्याचे उकडलेले अंडे कालवून दिले की तो ताट चाटून पुसतो.