झाडीतली बांगाल : साठ वर्षांचा मागोवा

१ मे १९९९ रोजी गोंदिया वेगळा जिल्हा झाला. त्याआधीच्या भंडारा जिल्ह्याचा नकाशा काढला, तर दक्षिणेकडे अर्जुनी मोरगाव तालुका दिसतो. नवेगावबांधचा तलाव, गाढवी नदीवरचे इटियाडोह धरण, धानाच्या बांध्या आणि मोह-सागाचे जंगल असा हा ‘झाडी’ म्हणून ओळखला जाणारा मुलूख. केशोरी, बोंडगाव, गोठणगाव या जुन्या नावांमध्येच अरुणनगर, गौरनगर, दिनकरनगर, संजयनगर, रामनगर, पुष्पनगर अशी नावे येतात. झाडीतल्या गावांना ‘नगर’ म्हणायची चाल नाही. ही नावे सरकारी वसाहतींची आहेत. पूर्व पाकिस्तानातून आलेली कुटुंबे १९६०च्या दशकापासून इथे बसवली गेली आणि आसपासची गावे या वसाहतींना सरसकट ‘बंगाली कॅम्प’ म्हणू लागली.

त्या शब्दातला ‘बंगाली’ मात्र फसवा आहे. या घरांत जी भाषा आली ती रवींद्रनाथांच्या पुस्तकातली नव्हती आणि कोलकात्याच्या आकाशवाणीवरचीही नव्हती. ती होती पद्मा-मेघनेच्या खोऱ्यातली ‘बांगाल’ बोली, म्हणजे जिल्ह्याजिल्ह्याला बदलणाऱ्या बोलींचा एक गोतावळा. गेल्या साठ वर्षांत तिचे इथे काय झाले हे पाहायचे, तर सुरुवात फाळणीच्याही आधीपासून करावी लागते.

जॉर्ज ग्रियर्सन यांच्या भाषिक सर्वेक्षणाचा बंगालीवरचा खंड १९०३ साली निघाला आणि मराठीवरचा १९०५ साली. बायबलमधली उधळ्या मुलाची एकच गोष्ट गावोगावच्या बोलींत लिहून घ्यायची, ही त्यांची पद्धत. मराठीच्या खंडात नागपुरीबरोबर कोष्टी, कुंभारी, हळबी या आपल्याकडच्या बोली आल्या, तर बंगालीच्या खंडात पूर्वेकडच्या जिल्ह्यांचे नमुने आले. पुढे १९२६ मध्ये सुनीतिकुमार चॅटर्जींनी आपल्या मोठ्या ग्रंथात बंगालीचे चार गट मांडले : पश्चिमेची राढी, उत्तरेची वरेंद्री, ईशान्येची कामरूपी आणि पूर्वेची वंग. सुकुमार सेन यांनी त्यांत झारखंडी ही पाचवी धरली. या पाचांपैकी राढीचे, विशेषतः नदिया आणि कोलकाता परिसरातले रूप पुढे प्रमाण ठरले. १९१४ मध्ये प्रमथ चौधुरींनी ‘सबुजपत्र’ काढून संस्कृतप्रचुर ‘साधु’ भाषेऐवजी बोलती ‘चलित’ भाषा लिहायचा आग्रह धरला, तोही याच राढीच्या पायावर. पूर्वेची बोली तेव्हापासून दोन पायऱ्या खाली गेली. ती ग्रंथाची तर नव्हतीच, शहराचीही उरली नाही.

ही पूर्वेची बोली मराठी कानाला परकी वाटत नाही. प्रमाण बंगालीत ‘च’ आणि ‘ज’ तालव्यच असतात, ‘चिमणी’तल्या ‘च’सारखे. बांगाल बोलीत ते दंत्य होतात, आपल्या ‘चमचा’ आणि ‘जहाज’ यांच्यासारखे. ‘छ’चा उच्चार ‘स’कडे झुकतो. इथल्या मराठी बोलीत, झाडीबोलीतही, ‘छ’ टिकत नाही, त्याच्या जागी ‘स’ येतो. बांगालमध्ये ‘भात’मधला महाप्राण विरतो, शब्दारंभीचा ‘श’ पुष्कळदा ‘ह’ होतो आणि ‘आज’, ‘काल’ यांच्या पोटात ‘इ’ शिरून ‘आइज’, ‘काइल’ होतात. ‘मला’ या अर्थी कोलकात्यात ‘आमाके’ म्हणतात, पूर्वेला ‘आमारे’. ‘मी जाईन’ हे कोलकात्यात ‘जाबो’, ढाक्याकडे ‘जामु’ किंवा ‘जाइमु’, तर खुलना-जैसोरकडे आणखी निराळे. प्रमाण बंगालीच्या मानाने हे सारे अशुद्ध. भंडाऱ्याकडच्या माणसाला हा न्याय ओळखीचा आहे. ‘जवळ’ला ‘जवर’ आणि ‘पाणी’ला ‘पानी’ म्हटले की पुण्या-मुंबईकडे हसू फुटते, हे त्याने अनुभवलेले असते.

या जिल्ह्याला बंगाली माणूस मात्र निर्वासितांच्या आधीपासून ठाऊक होता. १८८७ मध्ये बंगाल नागपूर रेल्वे कंपनी स्थापन झाली आणि भंडारा-गोंदियावरून जाणारा मार्ग तिच्याकडे आला. कारकून, स्टेशनमास्तर, डॉक्टर, वकील असे शिकलेले बंगाली या वाटेने मध्य प्रांतात आले. नागपूर विद्यापीठाचे पहिले कुलगुरू सर बिपिन कृष्ण बोस हेही बंगालीच. या वर्गाची भाषा पुस्तकांतून आणि मासिकांतून सतत घासून-पुसून निघे. विदर्भाच्या मनातली बंगालीची प्रतिमा, गोड, गोल आणि साहित्यिक, ती या लोकांनी घडवली. कॅम्पमधल्या माणसाची बंगाली या प्रतिमेत बसली नाही.

फाळणीनंतर सवर्ण आणि शिकलेली कुटुंबे आधी निघाली आणि मुख्यतः कोलकाता परिसरात वसली. जमिनीला आणि नदीला बांधलेले नमःशूद्र या दलित जातीचे शेतकरी व मच्छीमार मागे राहिले. १९४६ मध्ये बाबासाहेब आंबेडकर संविधान सभेवर बंगालमधून निवडून गेले, ते नमःशूद्रांचे नेते जोगेंद्रनाथ मंडल आणि त्यांच्या समाजाच्या बळावर. त्याच बाबासाहेबांनी १९५४ मध्ये भंडाऱ्यातून लोकसभेची पोटनिवडणूक लढवली आणि ती हरले. आपल्याकडे ही आठवण निघते, पण ज्यांच्या मुलखाने त्यांना संविधान सभेत पाठवले त्या मुलखाची माणसे पुढे याच जिल्ह्यात राहायला आली, हे सहसा कोणी जोडून पाहत नाही.

डिसेंबर १९६३ मध्ये श्रीनगरच्या हजरतबल दर्ग्यातून पवित्र अवशेष नाहीसा झाला आणि त्याचे पडसाद जानेवारी १९६४ मध्ये खुलना, ढाका, नारायणगंज इथे दंगलींच्या रूपात उमटले. हजारो कुटुंबे सीमा ओलांडून आली. पश्चिम बंगाल भरला होता, म्हणून त्यांना रायपूरजवळच्या माना कॅम्पकडे आणले गेले. १९५८ साली सुरू झालेला निर्वासितांच्या पुनर्वसनाचा दंडकारण्य प्रकल्प कोरापूट आणि बस्तरसाठी होता. महाराष्ट्राने आपल्या वाट्याची कुटुंबे तेव्हाच्या चांदा आणि भंडारा जिल्ह्यांत बसवली. आजच्या गडचिरोलीतल्या चामोर्शी, मुलचेरा या तालुक्यांतल्या वसाहती आणि अर्जुनी मोरगावातल्या वसाहती अशा एकाच प्रवाहाच्या आहेत.

नेमक्या याच काळात ढाक्यात एक मोठे काम चालले होते. भाषाशास्त्रज्ञ मुहम्मद शहीदुल्ला यांच्या संपादनाखाली बांगला अकादमी पूर्व पाकिस्तानातल्या प्रादेशिक बोलींचा कोश सिद्ध करत होती. १९६०च्या दशकाच्या मध्यात तो छापून निघू लागला. म्हणजे तिकडे शब्द कोशात जात होते आणि ते शब्द बोलणारी माणसे मालगाडीसारख्या भरलेल्या गाड्यांतून रायपूरकडे येत होती. कोशाने शब्दांपुढे जिल्ह्याचे नाव लिहिले : बरिसाल, फरीदपूर, खुलना, जैसोर. कॅम्पात ही नावे पुसली जाऊ लागली.

कारण कॅम्पाची रचनाच तशी असते. गावातली सगळी माणसे एकाच खाडीच्या काठची, हा पूर्व बंगालचा नियम. इथे यादीतल्या क्रमाने घरे मिळाली. बरिसालच्या म्हातारीच्या शेजारी फरीदपूरचे कुटुंब आले आणि सून खुलन्याकडची आली. अशा वेळी कोणाचीच बोली तिच्या मूळ रूपात टिकत नाही. टोकाचे उच्चार आणि फार स्थानिक शब्द गळतात, सर्वांना समजेल असे मधले रूप उरते. जगभरच्या वसाहतींत भाषा अशीच सपाट होत आली आहे. फिजी आणि मॉरिशसमध्ये गेलेल्या भोजपुरी-अवधी मजुरांच्या बोलींचेही हेच झाले. अरुणनगर-गौरनगरात घडली तीही अशी मिश्र बांगाल. बंगालच्या कोणत्याही एका जिल्ह्यावर तिला बोट ठेवता येत नाही.

तिला आधार देणाऱ्या गोष्टी दोन. एक, मतुआ पंथ. फरीदपूरकडच्या ओराकांदीचे हरिचांद ठाकूर (१८१२–१८७८) आणि त्यांचे पुत्र गुरुचांद यांनी नमःशूद्रांना भक्तीबरोबर शिक्षणाचा आग्रह दिला. ढोल, कांसी आणि डंक्याच्या तालावरचे त्यांचे कीर्तन जिथे निर्वासित गेले तिथे गेले. गाण्यातले शब्द रोजच्या बोलण्यातल्या शब्दांपेक्षा उशिरा बदलतात. दुसरा आधार धान. पऱ्हे टाकणे, चिखलणी, रोवणी, कापणी हे चक्र दोन्हीकडे सारखे. आपण ‘रोवणे’ म्हणतो, ते ‘रोया’ म्हणतात. कोहळी समाजाने बांधलेल्या तलावांच्या या जिल्ह्यात मासे आणि भात खाणाऱ्याला पोटासाठी नवे शब्द फारसे शिकावे लागले नाहीत. शब्द शिकावे लागले ते तलाठी, सातबारा, पट्टा, जातपडताळणी यांचे.

ही कागदाची मराठी त्यांच्या वाट्याला सर्वांत कडवट आली. पश्चिम बंगालमध्ये नमःशूद्र अनुसूचित जातींत आहेत, महाराष्ट्राच्या यादीत नाहीत. त्यामुळे माणूस तोच, समाज तोच, पण दाखला नाही, ही तक्रार तिथल्या सभा-निवेदनांत वर्षानुवर्षे आहे. शाळेतली मराठी मात्र पुढच्या पिढीने आपलीशी केली. इथे एक गमतीची गोष्ट घडली. वर्गातली मराठी प्रमाण होती, बांधावरची झाडी. घरातली बंगाली बांगाल होती, छापील बंगाली क्वचितच हाती येई. बाजारात मध्यस्थी हिंदीने केली. दोन प्रतिष्ठित भाषांच्या नावाखाली प्रत्यक्षात भेटल्या त्या दोन हिणवलेल्या बोली. त्यांच्या भेटीची नोंद करायला मराठीचा अभ्यासक गेला नाही आणि बंगालीचाही नाही.

या तालुक्याला परकी भाषा ऐकण्याची सवयच आहे म्हणा. १९७२ मध्ये याच परिसरात नोर्गेलिंग ही तिबेटी वसाहत उभी राहिली. तिचा उल्लेख आजही अनेकदा ‘भंडारा’ असाच होतो. गोंडी, हळबी, पोवारी या तर इथल्याच. तिबेट्यांच्या भाषेची काळजी त्यांचे निर्वासित शासन आणि मठ घेतात. बांगालची काळजी घेणारे कोणी नव्हते. १९७८ मध्ये दंडकारण्यातली हजारो कुटुंबे सुंदरबनातल्या मरिचझांपी बेटाकडे निघाली, ती ‘आपल्या भाषेच्या प्रदेशात’ राहू या आशेने. १९७९ मध्ये पश्चिम बंगाल सरकारने नाकेबंदी करून त्यांना हुसकावले. भाषा एक असली म्हणून घर मिळत नाही, हा धडा मध्य भारतातल्या वसाहतींना त्यातून मिळाला. मुलांना मराठी, हिंदी, छत्तीसगढी, उडिया अशी जिथली ती भाषा शिकवण्याकडचा कल या पार्श्वभूमीवर अधिक समजून घेता येतो.

कोलकात्यात बांगाल बोलीला दरम्यान विनोदाची जागा मिळाली. विक्रमपूरकडचे विनोदी नट भानू बंदोपाध्याय यांनी १९५३च्या ‘साडे चुयात्तर’ या चित्रपटात ढाक्याच्या उच्चारात लोकांना हसवले. फुटबॉलमध्ये १९२०चा ईस्ट बेंगॉल क्लब ‘बांगालां’चा आणि १८८९चे मोहन बागान ‘घटीं’चे, म्हणजे मूळच्या पश्चिम बंगालवाल्यांचे, ही चुरस प्रसिद्धच आहे. कॅम्पातल्या बोलीला गंभीर साहित्यात आवाज मिळायला मनोरंजन ब्यापारी यांच्यासारखा बरिसालकडचा, दंडकारण्यातून गेलेला लेखक यावा लागला. आपल्याकडे झाडीबोलीला साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांच्यासारखा अभ्यासक लाभला. १९९०च्या दशकापासून झाडीबोलीची संमेलने भरू लागली, कोश आणि कथा-कविता आल्या. बोलीला लाज न वाटता व्यासपीठावर आणता येते, हे भंडाऱ्याने स्वतःच्या बाबतीत करून दाखवले आहे.

मोजदादीत मात्र दोन्ही बोली अदृश्य आहेत. २०११च्या जनगणनेत बंगाली सुमारे ९.७२ कोटी आणि मराठी सुमारे ८.३० कोटी. बंगालीच्या आकड्याखाली चकमा, हाजोंग, राजबंशी यांची वेगळी नोंद आहे, बांगालची नाही. मराठीखाली झाडीचीही नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठी आणि बंगाली या दोघींना एकाच दिवशी अभिजात दर्जा दिला. आनंद दोन्हीकडे झाला. पण अभिजात ठरते ते हस्तलिखितांच्या आणि शिलालेखांच्या पुराव्यावर. बोलणाऱ्याच्या जिभेला त्यातून काही मिळतेच असे नाही. उलट २०२५च्या ऑगस्टमध्ये दिल्ली पोलिसांच्या एका पत्रातला ‘बांगलादेशी भाषा’ हा उल्लेख समोर आला आणि बंगालमध्ये संताप उसळला. उच्चारावरून देश ठरवायचा म्हटले, तर साठ वर्षे धान पिकवणारी, सातबाऱ्यावर नाव असलेली माणसेही संशयित ठरू शकतात. बोलींचा अभ्यास ही हौस नाही, हे सांगायला इतके उदाहरण पुरे.

गणेश देवी यांच्या भारतीय भाषांच्या लोकसर्वेक्षणाचा महाराष्ट्र खंड २०१३ मध्ये अरुण जाखडे यांच्या संपादनाखाली आला. डेक्कन कॉलेजने मराठीच्या बोलींचे ध्वनिमुद्रित सर्वेक्षण हाती घेतले. पद्धत आणि साधने तयार आहेत. पूर्व बंगालमध्ये तरुणपण घालवलेली पिढी आज ऐंशीच्या पुढे आहे. तिच्याकडून कथा, शेतीचे शब्द, मतुआ गाणी आणि जिल्ह्याजिल्ह्याचे उच्चार ध्वनिमुद्रित करून घ्यायला आता फार वर्षे नाहीत. हे काम कोलकाता किंवा ढाका करील अशी वाट पाहण्यात अर्थ नाही, कारण इथे घडलेली मिश्र बांगाल त्यांच्या नकाशावर नाही. ती जुन्या भंडारा जिल्ह्यात घडली आहे आणि म्हणून ती झाडीबोलीच्या कार्यकर्त्यांची, इथल्या महाविद्यालयांची आणि मराठी अभ्यासकांची जबाबदारी आहे. झाडीबोलीच्या पुढच्या एखाद्या संमेलनात अर्जुनी मोरगावच्या बंगाली कॅम्पातल्या एका आजीला तिच्या बोलीत गोष्ट सांगायला बोलावले, तरी सुरुवात होईल.