नेवाशाचा ग्रंथ आणि त्याचे पाठ

ज्ञानेश्वरीचें पारायण चालू असलेल्या घरांत अठरावा अध्याय संपत आला म्हणजे मन पसायदानाकडे लागलेलें असतें, आणि पसायदान म्हणून झालें कीं पोथी मिटण्याची घाई होते. त्यापुढच्या ओव्या जिभेवरून निसटून जातात. वास्तविक ग्रंथाच्या इतिहासाविषयीं जें कांहीं निश्चयानें सांगतां येतें, त्यांतील बहुतेक त्या ओव्यांतच सांठविलेलें आहे. ग्रंथ कोणत्या प्रदेशांत झाला, त्या वेळीं राज्य कोणाचें होतें, शक कोणता, लेखणी कोणाच्या हातीं होती, आणि पुढें त्याची शुद्धि कोणी व केव्हां केली, हें सारें तेथें आहे. त्या मूठभर ओव्यांत तीन निरनिराळ्या माणसांचे हात दिसतात. पहिल्या हातांत व तिसऱ्या हातांत २९४ वर्षांचें अंतर आहे. हे हात एकमेकांपासून वेगळे करून पाहूं लागलें, कीं आज घरोघरीं वाचली जाणारी ज्ञानेश्वरी ही नेवाशास सांगितलेली ज्ञानेश्वरीच काय, असा प्रश्न उभा राहतो.

प्रथम स्थळाचा विचार करावा. परंपरा नेवासें सांगते. आजच्या अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीच्या अहमदनगर, जिल्ह्यांतील हें तालुक्याचें गांव प्रवरेच्या कांठीं आहे. परंतु मूळ ओव्यांत नेवाशाचें नांव येत नाहीं. प्रवरेचेंहि येत नाहीं. तेथें उल्लेख आहे तो गोदावरीच्या दक्षिण तीराचा, पांच कोसांच्या एका पुरातन क्षेत्राचा आणि तेथें वास करणाऱ्या श्रीमहालयेचा. प्रवरा पुढें कांहीं मैलांवर टोकें येथें गोदावरीस मिळते. तेव्हां नेवाशाचा सारा टापू गोदेच्या दक्षिणेस पडतो हें खरें. पण गोदेच्या दक्षिणेस गांवें पुष्कळ. निर्णय होतो तो महालया या नांवावरून. नेवाशाची देवता मोहिनीराज. तिचें नातें म्हाळसेशीं जोडलें जातें, आणि महालया म्हणजे हीच देवता असें परंपरा व बहुतेक अभ्यासक मानीत आले आहेत. मोहिनीराजाचें आजचें देऊळ अठराव्या शतकांतील आहे, म्हणून त्याच्या दगडांवरून कांहीं सिद्ध होत नाहीं; आधार आहे तो नांवाच्या सातत्याचा. क्षेत्र पुरातन असल्याच्या विधानाला मात्र अनपेक्षित पुष्टि मिळाली. पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या वतीनें ह. धी. सांकळिया यांनीं १९५४ ते १९५६ या काळांत नेवाशाचें टेकाड उकरलें, तेव्हां सातवाहनांच्या काळाच्याहि खालीं ताम्रपाषाणयुगांतील वस्ती लागली, आणि प्रवरेच्या गाळांत अश्मयुगांतील हत्यारें मिळालीं.

गांवाबाहेरच्या खांबाची गोष्ट अधिक विचार करण्याजोगी आहे. ज्ञानदेवांनीं या खांबाला टेकून गीतेचें विवरण केलें अशी श्रद्धा असून त्याच्याभोंवतीं आतां मंदिर उभें आहे. खांबावर एक संस्कृत लेख कोरलेला आहे. त्यांत करवीरेश्वराच्या दिव्यास लागणाऱ्या तेलासाठीं दरमहाचें दान दिल्याची व तें पुढें चालवावें अशी नोंद आहे. ज्ञानदेवांचें नांव त्यांत कोठेंहि नाहीं. एवढ्यावरून श्रद्धा खोटी ठरली असें मानणें घाईचें होईल. लेख सांगतो तें इतकेंच, कीं येथें एक शिवालय होतें आणि तेथें रात्रंदिवस दिवा जळावा अशी व्यवस्था होती. नाथपंथाची दीक्षा घेतलेल्या तरुणानें आपल्या गुरूसमोर ग्रंथ सांगण्यास शिवालयाचा मंडप निवडला असेल, तर त्यांत अस्वाभाविक कांहीं नाहीं. शक्यता आणि पुरावा यांच्यामधली रेघ मात्र अभ्यासकानें पुसूं नये.

काळाविषयीं शके १२१२, म्हणजे इसवी सन १२९०, हा आंकडा सर्वांच्या परिचयाचा आहे. ज्या ओवींत तो येतो, तींतच सच्चिदानंदबाबांनीं लेखनिकाचें काम केल्याचें सांगितलें आहे. ही ओवी कोणाची? ज्ञानदेव स्वतःचा उल्लेख नांवानेंच करीत असल्यामुळें केवळ तृतीय पुरुषावरून कांहीं ठरत नाहीं. पण ग्रंथभर ‘ज्ञानदेव’ म्हणविणारा कवि येथें एकाएकीं ‘ज्ञानेश्वर’ होतो, आणि लागलीच लेखनिकाचें नांव येतें. ही ओवी लेखनिकानें पोथीच्या अखेरीस घातलेली पुष्पिका असावी, असें मानण्यास त्यामुळें जागा आहे. तसें मानल्यानें तिचें मोल कमी होत नाहीं. उलट ती समक्ष साक्षीदाराची नोंद ठरते. कवीच्या स्वतःच्या ओव्यांत यादव राजा रामचंद्र याचा गौरव आहे. तो १२७१ सालीं गादीवर आला होता. अल्लाउद्दीन खिलजीची देवगिरीवरील स्वारी १२९६ ची, आणि ज्ञानदेवांची आळंदीची समाधिहि त्याच वर्षाची. येऊं घातलेल्या संकटाची छायाहि त्या ओव्यांवर नाहीं, हें १२९० या सालाशीं जुळतें. जन्मशक ११९७ धरल्यास ग्रंथकर्ता त्या वेळीं पंधरा वर्षांचा होता. दुसऱ्या परंपरेप्रमाणें ११९३ धरल्यास एकोणीस वर्षांचा.

सच्चिदानंदबाबांची कथा याच जिल्ह्यांतील ताहाराबादच्या महिपतींनीं ‘भक्तविजया’ंत सांगितली आहे. पतीच्या प्रेताबरोबर सती जाण्यास निघालेल्या स्त्रीला ज्ञानदेवांनीं सौभाग्याचा आशीर्वाद दिला, प्रेत उठून बसलें, आणि उठलेला तो पुरुषच पुढें ग्रंथाचा लेखनिक झाला. महिपतींचा हा ग्रंथ १७६२ चा, म्हणजे घटनेनंतर पावणेपांचशें वर्षांचा. इतिहास म्हणून ती कथा उभी राहणार नाहीं. पण हातानें पोथी लिहिणाऱ्या एका साध्या माणसाची आठवण लोकांनीं एवढीं वर्षें टिकविली, त्याला चरित्र दिलें, हें लक्षांत घेण्यासारखें आहे. जुन्या ग्रंथांच्या लेखनिकांच्या वांट्याला सहसा विस्मृतीच येते.

लेखनिक होता याचा अर्थ असा, कीं ज्ञानेश्वरी हा बोललेला ग्रंथ आहे. तिच्यांत श्रोत्यांना विनवणी आहे, गुरूनें मध्येंच ‘आतां पुरे, पुढें चल’ असें सुचविल्याचे प्रसंग आहेत. कवि बोलत होता आणि दुसरा लिहीत होता. तेव्हां अगदीं पहिल्या पोथींतील ऱ्हस्वदीर्घ व अनुस्वार देखील ज्ञानदेवांचे नव्हते. ते सच्चिदानंदबाबांच्या कानाचे आणि बोरूचे होते. ज्याला ‘मूळ प्रत’ म्हणून लोक शोधतात, तिच्यांतहि कवि आणि वाचक यांच्यामध्यें एक माणूस बसलेला आहेच. आणि ती प्रत तर आज नाहींच. ज्ञानदेवांच्या हयातींत लिहिलेली एकहि पोथी उपलब्ध नाहीं.

पुढच्या तीनशें वर्षांत पोथीवरून पोथी होत गेली. यांत ओवीच्या घडणीमुळें एक अडचण उत्पन्न झाली. संस्कृत श्लोकांत एक अक्षर वाढलें कीं वृत्त लंगडतें आणि चोरी पकडली जाते. ज्ञानेश्वरींतील ओवी सैल आहे. पहिल्या तीन चरणांच्या अंतीं यमक असतें, चौथा चरण आंखूड व मोकळा असतो, अक्षरांची संख्या ठरलेली नसते. चरणाच्या मध्यभागीं एखादा शब्द बदलला, वाढला, गळला, तरी ओवीला त्याची खबर लागत नाहीं. पहारा काय तो यमकाचा. म्हणून पाठांची तुलना करतांना यमकाच्या जागचा शब्द अधिक भरंवशाचा धरावा लागतो. आणि संबंध नवी ओवी मध्यें बसवावयाची तर कोणाहि बऱ्या कवीला तें कठीण नव्हतें.

पैठणच्या एकनाथांनीं शके १५०६, म्हणजे १५८४ सालीं, जें काम हातीं घेतलें त्याचें कारण हेंच. त्यांच्या नांवानें पोथीच्या शेवटीं येणाऱ्या ओव्यांतून दिसतें तें असें, कीं ग्रंथ मुळांत अतिशय शुद्ध होता, परंतु पाठभेदांमुळें तो गढूळ झाला होता, म्हणून त्यांनीं तो शोधून शुद्ध केला. पुढें कोणी यांत आपली ओवी घालील, तर अमृताच्या ताटांत नारळाची करवंटी ठेवल्यासारखें होईल, अशी तंबीहि तेथें आहे. स्वतः एकनाथ मोठे ओवीकार. भागवताच्या एकादश स्कंधावर त्यांनीं विस्तृत टीका लिहिली. अशा कवीनें दुसऱ्याच्या ग्रंथांत आपला शब्द न मिसळण्याचा दंडक घालून द्यावा, ही मराठींतील पाठचिकित्सेची पहिली पायरी समजण्यास हरकत नाहीं. त्यांच्यापुढें कोणत्या व किती पोथ्या होत्या आणि कोणता पाठ त्यांनीं कां टाकला, याची नोंद मात्र त्यांनीं ठेवलेली नाहीं. त्या काळीं तशी रीतच नव्हती. वारकऱ्यांनीं ही शुद्ध प्रत स्वीकारली आणि कीर्तनांत, पारायणांत तीच रुळली. सोनोपंत दांडेकर यांची १९५३ ची सार्थ ज्ञानेश्वरीहि याच सांप्रदायिक परंपरेंतली आहे.

पण एकनाथांच्या आधीं काय होतें? या प्रश्नाला विश्वनाथ काशीनाथ राजवाडे यांनीं १९०९ सालीं तोंड फोडलें. बीड भागांत मिळालेली एक जुनी पोथी त्यांनीं छापून काढली आणि ती एकनाथपूर्व आहे, असा निर्णय दिला. त्याच वर्षीं त्यांनीं ज्ञानेश्वरीच्या भाषेचें व्याकरणहि प्रसिद्ध केलें. नेहमींच्या पोथींत ‘म्हणोनि’ असे तेथें ‘म्हणौनि’. नामांच्या अखेरीस ‘लेखकु’, ‘देवु’ असे उकार. सोपे शब्द जाऊन त्यांच्या जागीं अडणारे शब्द. नक्कल करणारा अपरिचित शब्द काढून परिचित शब्द घालतो, उलट सहसा करीत नाहीं. म्हणून अवघड पाठ बहुधा जुना, हें पाठचिकित्सेचें सर्वमान्य सूत्र राजवाड्यांच्या बाजूचें होतें. राजवाडे यांना निर्णय देतांना कचरणें ठाऊक नव्हतें. पुढच्या अभ्यासकांनीं त्या पोथीच्या वयाविषयीं शंका काढल्या. दुर्दैवानें ती पोथी आज पाहावयास मिळत नाहीं. हातांत आहे तें राजवाड्यांनीं वाचलेलें आणि छापलेलें. म्हणजे नेवाशास सच्चिदानंदबाबांचा कान जसा मध्यें होता, तसा येथें राजवाड्यांचा डोळा मध्यें आहे.

मग मोजमापाला गज कोणता घ्यावा? एक गज दगडाचा. शिलालेखाची नक्कल होत नाहीं, म्हणून त्याची भाषा जशी कोरली तशीच राहते. पंढरपूरचा चौऱ्याऐंशीचा लेख शके ११९५ पासूनचा, म्हणजे ज्ञानेश्वरीच्या सतरा वर्षें आधींचा आणि त्याच रामचंद्र यादवाच्या कारकीर्दींतला. त्यांतील प्रत्यय आणि रूपें पोथीशीं ताडून पाहतां येतात. दुसरा गज महानुभावांच्या गद्याचा. चक्रधरस्वामींचा निवास या जिल्ह्यांत गोदाकांठच्या डोमेग्रामीं झाला होता, आणि त्यांच्या आठवणी म्हाइंभटांनीं ‘लीळाचरित्रा’ंत तेराव्या शतकांतच ग्रथित केल्या. नदी तीच, पिढी जवळजवळ तीच, आणि बोली लोकांच्या तोंडची. हें वाङ्मय सांकेतिक लिपींत बंद असल्यानें शतकानुशतकें बाहेरच्या लेखनिकांच्या हातीं पडलें नाहीं. विसाव्या शतकाच्या आरंभीं राजवाडे, वि. ल. भावे प्रभृतींनीं त्या लिपीचें कुलूप उघडलें. अर्थात् पंथांतहि पोथ्या हरवल्या व पुन्हां लिहिल्या गेल्या, म्हणून हा गज दगडाइतका ताठ नाहीं. शं. गो. तुळपुळे यांनीं या साधनांच्या आधारें यादवकालीन मराठीचा अभ्यास केला, आणि ॲन फेल्डहाउस यांच्यासह त्यांनीं सिद्ध केलेला जुन्या मराठीचा कोश १९९९ सालीं प्रसिद्ध झाला.

भाषेचा हाच गज भलत्या ठिकाणीं लावला म्हणजे काय होतें, याचेंहि उदाहरण आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शिवराम एकनाथ भारदे यांनीं ‘भारद्वाज’ या नांवानें लिहून असें प्रतिपादन केलें, कीं ज्ञानेश्वरीकर्ता ज्ञानदेव वेगळा आणि अभंगकर्ता वेगळा. कारण अभंगांची भाषा पुष्कळ अर्वाचीन आहे. त्यावर मोठें वादंग माजलें. पण अभंग दिंडींत गाइला जातो, गाणाऱ्याच्या तोंडीं तो दर पिढींत नवा होतो. त्याची भाषा नवी असणें हा कर्ता वेगळा असल्याचा पुरावा होत नाहीं. ग्रंथ पोथींत राहिला म्हणून जुना वाटतो, अभंग लोकांत राहिला म्हणून नवा वाटतो. भारद्वाजांचे इतर मुद्दे विचारार्ह होते, पण हा मुद्दा लंगडा होता.

अरविंद मंगरूळकर व विनायक मोरेश्वर केळकर यांनीं संपादिलेली ‘ज्ञानदेवी’ मुंबई विद्यापीठानें १९९४ सालीं तीन खंडांत प्रसिद्ध केली. पारायणाच्या घरांत मात्र पोथी सांप्रदायिकच आहे, आणि ज्ञानेश्वरीची जयंती भाद्रपद वद्य षष्ठीस साजरी होते. नेवाशाच्या ओवींत शक आहे, महिना नाहीं, तिथि नाहीं. भाद्रपदांतील कपिलाषष्ठीची तिथि येते ती एकनाथांच्या नांवच्या ओव्यांत, त्यांनीं ग्रंथ शुद्ध करून पूर्ण केल्याचा दिवस म्हणून.