बाप्तिस्म्याला नदी लागते का?

सिनेमात बाप्तिस्मा म्हटला की नदी आलीच. पांढरे झगे, कमरेइतकं पाणी आणि एक गटांगळी. त्यावरून आपण ठरवून टाकतो की बुडवणं हीच खरी रीत, डोक्यावर पाणी ओतणं ही नंतर काढलेली पळवाट.

इतिहास तसं सांगत नाही. 'दिदाखे' ही ख्रिस्ती समाजाची अगदी सुरुवातीची नियमावली म्हणते, वाहतं पाणी घ्या. नसेल तर दुसरं. गार चालत नसेल तर कोमट. तेवढंही नसेल तर डोक्यावर तीनदा ओता. सिरियात दुरा-युरोपोस इथे सापडलेलं, साधारण इ.स. २४० च्या सुमाराचं बाप्तिस्म्याचं ठिकाण तर एका घरातली खोली आहे. एका टोकाला कमानीखाली छोटा हौद, भिंतींवर चित्रं. ना शिखर, ना घंटा.

बुडवणं की ओतणं हा वाद आपल्याकडेही आला. वेगवेगळी चर्चेस एकत्र येऊन 'चर्च ऑफ नॉर्थ इंडिया'ची स्थापना २९ नोव्हेंबर १९७० रोजी आपल्या नागपुरात झाली. एकत्र आलेल्यांत तान्ह्या बाळांना बाप्तिस्मा देणारे अँग्लिकन होते, तसेच फक्त जाणत्यांना आणि तोही पुरतं बुडवून देणारे बॅप्टिस्टही. कोण बरोबर याचा निकाल न लावता दोन्ही रीती मान्य झाल्या. एवढ्या जुन्या भांडणावर इतका समजूतदार तोडगा क्वचितच निघतो.

मग चर्चची इमारत तरी हवीच ना? कॅथलिक नियमानुसार योग्य जागा चर्चच. पण जीव धोक्यात असेल तर दवाखान्यातली नर्सही बाप्तिस्मा देऊ शकते, ती ख्रिस्ती नसली तरी. पाणी हवं, पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा यांच्या नावाचे शब्द हवेत आणि चर्चला अभिप्रेत तेच करण्याचा हेतू हवा. जुन्या गोव्याच्या से कॅथेड्रलमधलं दगडी कुंड १५३२ सालचं. कॅथेड्रलचं बांधकाम सुरू झालं १५६२ मध्ये. म्हणजे कुंड आधीचं, इमारत नंतरची! सेंट फ्रान्सिस झेवियर याच कुंडातून बाप्तिस्मा देत, अशी परंपरा सांगते. कुंड दाराजवळ ठेवण्याची प्रथा जुनी, कारण ख्रिस्ती समाजातला प्रवेश याच विधीने होतो.

बाप्तिस्मा म्हणजे धर्मांतर, हा आणखी एक पक्का समज. वसईत पिढ्यान्‌पिढ्या ख्रिस्ती असलेल्या घरांत तो बाळांचाच होतो. नावही बदलावं लागत नाही. ना. वा. टिळकांनी १८९५ साली मुंबईत बाप्तिस्मा घेतला आणि ते नारायण वामनच राहिले. पंडिता रमाबाईंच्या नावाला १८८३ मध्ये इंग्लंडात 'मेरी' जोडलं गेलं खरं, पण महाराष्ट्राने ते कधी वापरलंच नाही.