गाडीच्या पडद्यावर गेम : कधी चालेल, कधी नाही?



गाडीत बसून मोबाइलवर गेम खेळणं तुम्हाला नवीन नाही. पण गाडीचाच पडदा, गाडीचंच स्टिअरिंग आणि गाडीचाच ब्रेक वापरून गेम खेळायचा, हे मात्र आपल्याकडे अजून नवं आहे. १५ जुलै २०२५ रोजी मुंबईत, वांद्रे-कुर्ला संकुलात टेस्ला या अमेरिकन कंपनीचं भारतातलं पहिलं शोरूम सुरू झालं. तेव्हापासून मुलांकडून एक प्रश्न हमखास येतो, "सर, त्या गाडीत खरंच गेम खेळता येतात का?"

उत्तर आहे, हो, येतात. पण त्यामागे दुसरा, जास्त महत्त्वाचा प्रश्न आहे. ते गेम गाडी उभी असतानाच का चालतात? गाडी सुरू झाली की बंद का पडतात? आज आपण हेच समजून घेऊ. यात थोडं विज्ञान आहे, थोडं गणित आहे आणि जिवाशी गाठ असलेली एक गोष्टही आहे.

गाडीत गेम आले कुठून?

टेस्लाच्या गाड्यांमध्ये मधोमध एक मोठा पडदा असतो. मॉडेल ३ आणि मॉडेल वाय या गाड्यांत तो साधारण १५ इंची आहे. वेग, नकाशा, गाणी, एसी, मागचा कॅमेरा, सगळं त्याच पडद्यावर. त्यामागे एक संगणक काम करतो. संगणक आला म्हणजे त्यावर गेमही चालणारच!

२०१८ मध्ये कंपनीने इंटरनेटवरून गाड्यांना एक सॉफ्टवेअर अपडेट पाठवलं. त्यात अटारी कंपनीचे जुने गेम होते. 'मिसाइल कमांड', 'अ‍ॅस्टेरॉइड्स' वगैरे. हे गेम तुमच्या आईबाबांच्या लहानपणचे, म्हणजे १९८० च्या आसपासचे. पुढे २०१९ मध्ये 'बीच बग्गी रेसिंग २' हा शर्यतीचा गेम आला, 'कपहेड' आला. २०२२ च्या डिसेंबरात मॉडेल एस आणि मॉडेल एक्स या महागड्या गाड्यांच्या नव्या आवृत्त्यांमध्ये 'स्टीम' हे गेमचं मोठं दुकानच उपलब्ध झालं.

आता गंमत बघा. 'बीच बग्गी'मध्ये गेममधली गाडी वळवायला खऱ्या गाडीचं स्टिअरिंग फिरवायचं असतं, आणि वेग कमी करायला खरा ब्रेक दाबायचा. मग खरी चाकं फिरत नाहीत का? फिरतात! गाडी जागेवरच उभी असते, पण पुढची दोन चाकं डावीकडे-उजवीकडे वळत राहतात. त्यामुळे टायर जमिनीवर जागच्या जागी घासतात. उभी सायकल वळवताना हँडल जड का लागतं आणि चालती सायकल सहज का वळते, हे आठवा. तेच घर्षण इथेही आहे. म्हणून असा गेम तासन् तास खेळणं टायरच्या भल्याचं नाही.

इलेक्ट्रिक गाडीतच हे का जमलं?

याची दोन साधी कारणं आहेत.

पहिलं कारण आहे वेळ. पेट्रोल भरायला पाच मिनिटं लागतात. इलेक्ट्रिक गाडी जलद चार्जरवर लावली तरी वीस मिनिटं, अर्धा तास थांबावं लागतं. तेवढ्यात करायचं काय? मग पडद्यावर सिनेमा बघा, गेम खेळा.

दुसरं कारण आहे बॅटरी. हे गणित वहीत करून बघा.

पेट्रोल गाडीतली साधी बॅटरी समजा १२ व्होल्ट, ४५ अँपिअर-तासाची आहे.
१२ × ४५ = ५४० वॉट-तास.

इलेक्ट्रिक गाडीची बॅटरी समजा ६० किलोवॉट-तासाची आहे.
६० × १००० = ६०,००० वॉट-तास.

६०,००० ÷ ५४० = सुमारे १११.

म्हणजे एकीत दुसरीच्या शंभरपटीहून जास्त ऊर्जा साठवलेली असते. आता समजा पडदा, संगणक आणि एसी मिळून तासाला १५०० वॉट-तास वीज खातात. इलेक्ट्रिक गाडीच्या बॅटरीतले ते फक्त अडीच टक्के झाले. तोच भार इंजिन बंद ठेवून पेट्रोल गाडीच्या बॅटरीवर टाकला, तर ती अर्ध्या तासाच्या आतच मान टाकेल. मग इंजिन सुरू ठेवावं लागेल, इंधन जळेल आणि धूर होईल. बंद गॅरेजमध्ये तर तो धूर जीवघेणा ठरतो, कारण त्यात कार्बन मोनॉक्साइड हा विषारी वायू असतो.

पण वीज आली की उष्णताही आलीच. मे २०२२ मध्ये अमेरिकेत टेस्लाच्या सुमारे १ लाख ३० हजार गाड्यांबाबत एक दोष जाहीर झाला. जलद चार्जिंगच्या वेळी पडद्यामागचा संगणक पुरेसा थंड होत नव्हता, त्यामुळे पडदा अडखळायचा किंवा काळा पडायचा. हा दोष गेममुळे आलेला नव्हता, आणि तो सॉफ्टवेअर बदलून दूर केला गेला. पण यातून एक गोष्ट लक्षात घ्या. गाडीचा पडदा म्हणजे नुसता टीव्ही नाही. मागचा कॅमेरा, वेग, गिअरची खूण त्याच पडद्यावर दिसते. तो गेला तर चालक अडचणीत येतो.

काचेला बोट कसं कळतं?

टचस्क्रीनच्या काचेवर वीजवाहक पदार्थाचा इतका पातळ थर असतो की तो दिसतही नाही. त्यावर थोडासा विद्युतभार असतो. आपलं शरीरही वीजवाहक आहे. बोट टेकलं की त्या ठिकाणचा विद्युतभार बदलतो. बदल नेमका कुठे झाला हे संगणक मोजतो आणि त्याला तुमच्या बोटाची जागा कळते.

घरी करून बघा. मोबाइलच्या पडद्यावर बोट फिरवा, मग लाकडी पेन्सिलीचं मागचं टोक फिरवा. पेन्सिलीला पडदा दाद देत नाही, कारण लाकूड वीजवाहक नाही.

आता दुसरा प्रयोग. डोळे मिटा आणि हाताने चाचपडत घरातल्या पंख्याचं बटण दाबा. जमलं ना? आता डोळे मिटूनच मोबाइलवर कॅलक्युलेटर उघडा. नाही जमणार. बटणाला उंचवटा असतो, बोटाला ते जाणवतं. काच सगळीकडे सारखीच गुळगुळीत. तिथे बोटाला वाट दाखवायला डोळेच लागतात.

हे वाक्य नीट लक्षात ठेवा, कारण पुढचा सगळा विषय त्याच्यावर उभा आहे. टचस्क्रीन वापरायची तर डोळे द्यावे लागतात. आणि गाडी चालवतानाही डोळेच द्यावे लागतात. डोळे तर दोनच, आणि तेही एका वेळी एकाच दिशेला बघतात.

दोन सेकंदांचं गणित

अमेरिकेत रस्ते सुरक्षेची जबाबदारी असलेली एक सरकारी संस्था आहे. तिने २०१३ मध्ये गाड्यांच्या पडद्यांसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यात म्हटलं आहे की पडद्यावरच्या कोणत्याही कामासाठी चालकाची नजर एका वेळी दोन सेकंदांपेक्षा जास्त हटू नये, आणि ते पूर्ण काम एकूण बारा सेकंदांत आटपावं.

दोन सेकंद म्हणजे किती? आपण मोजू.

गाडीचा वेग ताशी ८० किलोमीटर.
८०,००० मीटर ÷ ३६०० सेकंद = सेकंदाला सुमारे २२ मीटर.
दोन सेकंदांत सुमारे ४४ मीटर.

क्रिकेटची खेळपट्टी साधारण २० मीटर असते. म्हणजे 'नुसतं एकदा पाहिलं' एवढ्या वेळात गाडी दोन खेळपट्ट्यांहून जास्त अंतर चालकाने न बघता कापते! मधे म्हैस आली, सायकलवाला वळला, पुढच्या ट्रकने ब्रेक मारला, काहीही होऊ शकतं. आणि गेममध्ये नजर दोन सेकंदांत कुठली परत येते? गेम बनवलेलाच असतो नजर धरून ठेवण्यासाठी.

'मी प्रवासी आहे' हे बटण

आता ती गोष्ट ऐका.

सुरुवातीला टेस्लाचे गेम गाडी 'पार्क'मध्ये असेल तरच चालायचे. संगणकाला एक साधी अट घातलेली होती. गिअर 'पी'वर असेल तर गेम उघड, नसेल तर उघडू नकोस. तुम्ही कोडिंग शिकत असाल तर ही 'जर-तर'ची अट तुमच्या ओळखीची आहे.

डिसेंबर २०२० पासून मात्र काही गेम गाडी चालू असतानाही उघडू लागले. त्यात सॉलिटेअर हा पत्त्यांचा खेळ होता, विमानांच्या लढाईचा एक गेम होता. या सोयीचं नाव होतं 'पॅसेंजर प्ले', म्हणजे प्रवाशासाठी खेळ. चालकाने खेळू नये म्हणून काय केलं होतं? पडद्यावर एक सूचना यायची आणि 'मी प्रवासी आहे' असं मान्य करणारं बटण दाबावं लागायचं. बस्स!

आता तुम्हीच सांगा, ते बटण चालकाने दाबलं तर गाडीला कळणार कसं? बोट प्रवाशाचं की चालकाचं हे काचेला समजत नाही. तिला फक्त विद्युतभारातला बदल समजतो.

शेवटी एका गाडीमालकाने सरकारकडे तक्रार केली. डिसेंबर २०२१ मध्ये 'न्यूयॉर्क टाइम्स'ने बातमी छापली. त्याच महिन्यात त्या सरकारी संस्थेने २०१७ ते २०२२ या वर्षांच्या सुमारे ५ लाख ८० हजार गाड्यांची चौकशी सुरू केली. चौकशीची बातमी आली आणि दोन-तीन दिवसांतच कंपनीने मान्य केलं की सॉफ्टवेअर बदलून गाडी चालू असताना ही सोय बंद केली जाईल. गेम पुन्हा 'पार्क'च्या कुलपात गेले.

एवढी घाई का? २०२० या एकाच वर्षात अमेरिकेत चालकाचं लक्ष विचलित झाल्यामुळे घडलेल्या अपघातांत ३,१४२ माणसं गेली होती. ती गेममुळे गेली असं नाही. कुणी फोनवर होतं, कुणी काही खात होतं, कुणी मागे वळून बोलत होतं. पण आधीच एवढी कारणं असताना त्यात आणखी एकाची भर कशाला?

विनंती आणि कुलूप

या गोष्टीतून शिकण्यासारखा मुद्दा हा आहे. नियम पाळून घेण्याचे दोन मार्ग असतात. एक विनंतीचा आणि एक कुलपाचा. 'मी प्रवासी आहे' हे बटण विनंती होती. 'पी' गिअरची अट हे कुलूप आहे. चूक झाली तर फक्त आपलं नुकसान होणार असेल, तिथे विनंती चालेल. पण आपल्या चुकीने रस्त्यावरच्या दुसऱ्या माणसाचा जीव जाणार असेल, तिथे कुलूपच हवं. रस्ता ओलांडणाऱ्या आजींनी कुठलंही बटण दाबलेलं नसतं.

तुम्ही म्हणाल, "पण शेजारी बसलेल्याने खेळायला काय हरकत आहे?" प्रश्न योग्य आहे. अडचण पडद्याच्या जागेची आहे. तो मधोमध असतो, चालकाच्या नजरेच्या कडेला. नजरेच्या कडेला काही हललं की आपलं लक्ष आपोआप तिकडे जातं, ते आपल्या हातात नसतं. म्हणून काही कंपन्यांनी वेगळी वाट काढली आहे. मर्सिडीजच्या ईक्यूएस या इलेक्ट्रिक गाडीत प्रवाशासाठी वेगळा पडदा मिळतो. एक कॅमेरा चालकाच्या डोळ्यांवर लक्ष ठेवतो आणि त्याची नजर तिकडे गेली की चित्र मंद केलं जातं. बीएमडब्ल्यूने २०२३ मध्ये ५ सिरीज गाडीत गेम आणले. तिथे तुमचा मोबाइलच कंट्रोलर होतो, पण गाडी उभी असतानाच.

आपल्यासाठी काय?

आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी अशी गाडी नाही. पण मोबाइल आहे, आणि दुचाकी, रिक्षा किंवा चारचाकीही आहे. नियम तोच. फक्त आपल्याकडे कुलूप घालणारा संगणक नाही, ते काम आपणच करायचं. बाबा गाडी चालवत असतील तेव्हा पुढच्या सीटवर बसून "बाबा, हे बघा ना!" म्हणत मोबाइल त्यांच्यासमोर धरू नका. आई स्कूटर चालवत असताना फोन वाजला तर "आधी बाजूला थांब" असं तुम्ही सांगा. गाडी चालवताना हातात फोन धरणं आपल्या मोटार वाहन कायद्यानेही गुन्हा आहे.

गेम वाईट नाही, पडदाही वाईट नाही. गाडी उभी असेल तर खुशाल खेळा. चाकं फिरू लागली की मात्र डोळे रस्त्याचे!

स्वाध्याय

१. ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी तीन सेकंदांत किती मीटर जाईल?
२. बटण आणि टचस्क्रीन यांत चालकाच्या दृष्टीने कोणता फरक आहे? दोन-तीन वाक्यांत लिहा.
३. तुमच्या घरात किंवा शाळेत 'विनंती'ने चालणारा एक नियम आणि 'कुलपा'ने चालणारा एक नियम शोधा. विनंतीच्या नियमाला कुलूप लावायची गरज आहे का, ते कारणासह लिहा.
४. उपक्रम : घरातल्या वाहन चालवणाऱ्या मोठ्या माणसाला दोन सेकंदांचं गणित वहीत सोडवून दाखवा.