आग नसतानाही अग्निशमन केंद्राकडे

दरवर्षी १४ एप्रिलच्या सकाळी नांदेड-लातूरच्या रस्त्यांवर निळे ध्वज फडकू लागतात, बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोर अभिवादनाची रांग लागते आणि सायंकाळच्या मिरवणुकीची लगबग सुरू होते. हाच दिवस राष्ट्रीय अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळला जातो आणि अग्निशमन केंद्रांत दिवंगत जवानांना मानवंदना दिली जाते, हे इतिहास शिकवीत असूनही आम्हाला पुष्कळ उशिरा कळले. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकिन’ या जहाजाला आग लागली. जहाजात कापसाच्या गाठी होत्या आणि सुमारे १,४०० टन स्फोटकेही होती. दुपारपासून आगीशी झुंजणाऱ्या दलावर चारच्या सुमारास तो स्फोट कोसळला आणि दलाचे ६६ जण कर्तव्यावर असताना मृत्युमुखी पडले. बाबासाहेब त्या दिवशी ५३ वर्षांचे झाले होते व व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री होते.

आपल्या समाजाच्या स्मरणात मात्र आग निराळ्या रूपाने वसलेली आहे. १९७८ साली विद्यापीठ नामांतराचा ठराव झाल्यानंतर मराठवाड्यातील कितीतरी वस्त्या जाळल्या गेल्या. नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णीच्या पोचिराम कांबळे यांचे नाव आम्ही आजही मान खाली घालून उच्चारतो. ती आग अपघाताची नव्हती आणि ती विझवायला सरकारी गाडी येईल, अशी अपेक्षा करण्याची सवय आपल्या वस्त्यांना नव्हती. ‘तक्रार कशाला, आपले आपण बघू’ हा जो स्वभाव आपल्या अंगी मुरला आहे, त्याची मुळे तिथवर जातात असे आमचे मत आहे. म्हणूनच घरात, वसतिगृहात, विहारात काहीही धोक्याचे दिसले तरी अग्निशमन केंद्राची पायरी चढून चौकशी करावी, हे आपल्याला सुचत नाही. बंब म्हणजे ज्वाळा दिसल्यावर येणारी लाल गाडी, एवढीच आपली ओळख.

वस्तुतः ही सेवा कोणाची मेहेरबानी नाही. राज्यघटनेच्या ७४व्या दुरुस्तीने जोडलेल्या बाराव्या अनुसूचीत नागरी स्वराज्य संस्थांच्या विषयांत अग्निशमन सेवा नमूद आहे. त्यापुढे महाराष्ट्राचा आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियम, २००६ आला. तो ६ डिसेंबर २००८ पासून लागू झाला. या तारखांचे काय करावे ते वाचकांनी ठरवावे. या कायद्याने जबाबदारी इमारतीच्या मालकावर किंवा भोगवटादारावर टाकली आहे. शैक्षणिक इमारतीही त्यात येतात. बसवलेली यंत्रणा चालू स्थितीत असल्याचे परवानाधारक संस्थेचे प्रमाणपत्र वर्षातून दोनदा, जानेवारीत आणि जुलैत, दलाकडे द्यावे लागते. म्हणजे आग लागण्यापूर्वीच वर्षातून दोनदा आपला आणि त्या कार्यालयाचा संबंध येणे कायद्यालाच अभिप्रेत आहे.

आम्ही तो संबंध किती वर्षे टाळला, हे प्रांजळपणे सांगितले पाहिजे. १६ जुलै २००४ रोजी तामिळनाडूतील कुंभकोणम येथे शाळेच्या स्वयंपाकघरातील आग छपराला लागून ९४ मुले गेली. ती बातमी आम्ही शिक्षक-खोलीत मोठ्याने वाचली, हळहळलो आणि तासावर गेलो. पुढे तपासणीसाठी अर्ज करावा असे एक-दोनदा बैठकीत निघाले. परंतु ‘साहेब येतील, त्रुटी काढतील, नोटीस लावतील’ या भीतीने तो कागद फायलीतच राहिला. एका थंडीत मुलांच्या खोलीत पाणी तापवायचा रॉड बादलीत राहून गेला, बादली वितळली आणि शेजारची गादी धुमसू लागली. थोडक्यावर निभावले. दुसऱ्याच दिवशी आम्ही तो जुना अर्ज नव्याने लिहिला.

पाहणीस आलेल्या अधिकाऱ्यांनी भिंतीवरच्या अग्निशामक नळकांड्यांकडे आधी पाहिलेच नाही. त्यांचा पहिला प्रश्न होता, “मुलींच्या इमारतीला रात्री कुलूप लावता का?” आम्ही अभिमानाने होकार दिला. किल्ली कोणाकडे? अधीक्षिका बाईंकडे. बाई झोपतात कुठे? तळमजल्यावर, दुसऱ्या टोकाला. “मग मधल्या जिन्यात धूर भरला, तर वरच्या मुलींनी काय करायचे?” त्या प्रश्नाला आमच्यापैकी कोणाजवळही उत्तर नव्हते. खिडक्यांना पक्के गज होते आणि मागच्या जिन्याचे दार जुन्या बाकांनी अडलेले होते.

कुलूप काढायचे ठरल्यावर पालकसभेत वादळ उठले. मुखेडकडच्या एका माउलीने विचारले, “रात्री बाहेरचा कोणी आत शिरला तर?” हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता, लेकीला शंभर किलोमीटरवर ठेवणारी आई तो विचारणारच. अखेरीस अधिकाऱ्यांनीच मार्ग सुचवला. कुलूप कुंपणाच्या फाटकाला असावे आणि तिथे पहारेकरी जागा असावा. इमारतीच्या दोन्ही दारांना मात्र आतून हाताने उघडणारी कडी असावी, आणि मागचे दार उघडताच बाईंच्या खोलीत घंटा वाजावी. खर्च आला तो एका सुताराचा आणि एका वायरमनचा. नोटीस आली नाही. दुरुस्त्यांची यादी आली आणि त्यासाठी मुदत मिळाली.

नळकांड्यांची पाळी शेवटी आली. दोघांचे काटे लाल पट्ट्यात होते आणि एक कपाटामागे होते. त्यानंतर मैदानावर पत्र्याच्या तसराळ्यात डिझेल पेटवून प्रात्यक्षिक झाले. आम्ही पदवीधर मंडळी ज्वाळांच्या शेंड्यांवर फवारा मारीत राहिलो. स्वयंपाकघरातील मावशींनी सांगितल्याप्रमाणे खीळ ओढली, तोंड आगीच्या बुडाशी धरले आणि डावीकडून उजवीकडे फिरवून ती विझवली. कढईतले तेल पेटल्यास पाणी ओतू नये, गॅस बंद करून वर झाकण ठेवावे. स्वयंपाकाचा गॅस हवेपेक्षा जड असल्याने जमिनीलगत साचतो, म्हणून वास येताच दारे-खिडक्या उघडाव्यात, विजेच्या बटणाला हात लावू नये आणि १९०६ वर कळवावे, हे त्या दिवशी सर्वांच्या डोक्यात पक्के बसले.

अशी कामे १०१ वर सांगू नयेत. तो क्रमांक, तसाच ११२, संकटात असलेल्यासाठी मोकळा राहिला पाहिजे. चौकशीसाठी केंद्राच्या कार्यालयाचा निराळा दूरध्वनी असतो, किंवा सरळ कार्यालयीन वेळेत जावे. अर्ज मुख्य अग्निशमन अधिकाऱ्यांच्या नावे लिहावा: इमारत कोणती, मजले किती, रात्री किती माणसे झोपतात, काय हवे आहे. दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घेतल्याशिवाय बाहेर पडू नये. आम्हाला एका ठिकाणी, नाव सांगत नाही, तीन टेबले फिरवून ‘पुढच्या आठवड्यात या’ असे सांगितले गेले. शिक्क्याची प्रत दाखवल्यावर तोच आठवडा पुरला. अग्निशमनाचा ना हरकत दाखला महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली अधिसूचित सेवांत आहे, त्यामुळे मुदत टळल्यास अपील करता येते. ज्यांची संस्था महापालिकेच्या हद्दीबाहेर आहे त्यांनी उदगीर, अहमदपूर, देगलूर, कंधार अशा जवळच्या नगरपरिषदेत गाडी कोठून व किती वेळात येईल, हे आधीच विचारून ठेवावे.

एक गोष्ट विशेषेकरून वस्तीतील पालकांसाठी. पत्र्याचे घर किंवा टपरी जळाली की शेजारीच पाणी मारून ती विझवतात आणि विषय तिथेच संपतो. पुढे विमा मागताना किंवा नुकसानभरपाईसाठी अर्ज करताना अग्निशमन दलाचा आगीचा अहवाल मागितला जातो, आणि ज्या आगीची वर्दी दलाकडे नोंदलीच नाही तिचा अहवाल मिळणार कोठून? म्हणून आग विझली असली तरी दलाला कळवावे, तलाठ्यामार्फत पंचनामा करून घ्यावा आणि दोन्हींच्या प्रती जपाव्यात. आपल्या मुलांचा जातीचा दाखला, वैधता प्रमाणपत्र, गुणपत्रिका जळाल्यास दुसरी प्रत काढताना हेच कागद कामी येतात. पत्र्याच्या पेटीतला एक कागद जळाला म्हणून कोणाचा प्रवेश हुकू नये.

जयंतीचा मंडप, कापडी कमान, त्याखाली जनरेटर आणि विहारात शेकडो मेणबत्त्या हा आपल्या उत्सवांचा नेहमीचा थाट आहे. मंडपाची परवानगी काढतानाच दलाचा सल्ला घ्यावा. मोठ्या कार्यक्रमासाठी शुल्क भरून गाडी राखीव ठेवण्याची सोयही असते. बारावीनंतर काय, असे विचारणाऱ्या मुलांनाही केंद्रात पाठवावे. या सेवेचे राष्ट्रीय महाविद्यालय १९५७ पासून आपल्या नागपुरातच आहे आणि तिथे अग्निशमन अभियांत्रिकीची पदवी घेता येते, हे किती घरांत ठाऊक आहे?

पाहणी संपवून निघताना अधिकारी आमच्या प्रवेशद्वारापाशी थांबले आणि त्यांनी खिशातून टेप काढला. माजी विद्यार्थ्यांच्या वर्गणीतून तिथे धम्मचक्राची दगडी कमान उभारण्याचा संकल्प या स्मरणिकेच्या पहिल्या बैठकीतच झाला होता. आराखड्यातील उंची आणि दोन खांबांमधले अंतर त्यांनी पाहिले व म्हणाले, “कमान सुंदर होईल, पण आमची पाण्याची गाडी हिच्याखालून आत येणार नाही.” आराखडा आता बदलला आहे. खांब दूर सरले आहेत, उंची वाढली आहे आणि दगडाचा खर्चही वाढला आहे. सुधारित नकाशा केंद्रात दाखवून त्यांची लेखी संमती आल्यावरच वर्गणीची पावतीपुस्तके छापावयाची आहेत.