निकालाची नकल ट्रंकेत ठेवण्याआधी वाचा



बियाण्याच्या पिशवीवरची चिठ्ठी वाचल्याशिवाय पिशवी फोडू नका, असे मी गावोगाव सांगत फिरतो. कोर्टाच्या निकालाची नकल मात्र आपण घडी करून ट्रंकेत टाकतो आणि पेढे वाटायला निघतो!

एका शिवारफेरीत एका आजोबांनी मला अशीच नकल दाखवली. चुलतभावावर त्यांनी दावा केला होता. मागणे दोन होते, बांध आणि सामाईक विहिरीच्या पाण्याची पाळी. बांध मिळाला. पाण्याबद्दल निकालात अक्षरही नव्हते. "साहेबांकडून राहून गेलं असेल. अर्ज देऊन तेवढी ओळ घालून घेतो," असे म्हणत त्यांनी तीन वर्षे हेलपाटे घातले. अखेर अर्ज फेटाळला गेला.

यात कोर्टाचा आडमुठेपणा नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची. तिच्याप्रमाणे न्यायाधीशांनी निकालावर सही केली की तो त्यांनाही बदलता येत नाही. वाटा दोनच. पहिली कलम १५२ ची: लेखनाची वा हिशेबाची चूक, किंवा नजरचुकीने राहिलेली गोष्ट. निकालात एक एकर वीस गुंठे आणि हुकूमनाम्यात एक एकर दोन गुंठे असे पडले, तर ते केव्हाही दुरुस्त होते. कोर्ट आपणहूनही करू शकते. पण कोर्टाच्या मनात जे देण्याचे होते तेच कागदावर आणण्यापुरती ही वाट आहे. जे दिलेच नाही ते नव्याने देण्याची नाही. उलट मागितलेली गोष्ट निकालात स्पष्ट दिली नसेल, तर पुढच्या दाव्यापुरती ती नाकारली असेच कायदा धरतो.

दुसरी वाट पुनर्विलोकनाची. मुदत ३० दिवस. रेकॉर्डवर उघड दिसणारी चूक हवी, किंवा पुरेशी खटपट करूनही तेव्हा हाती न लागलेला महत्त्वाचा पुरावा हवा. तशाच तोलाचे दुसरे कारणही चालते. 'साहेबांचा निर्णय पटला नाही' हे कारण चालत नाही. पुढे वरच्या कोर्टाने दुसऱ्या खटल्यात कायद्याचा वेगळा अर्थ लावला, तर तेही कारण होत नाही. १९७६ च्या दुरुस्तीने हे स्पष्ट केले आहे.

धरणाखाली वा रस्त्यात जमिनी गेलेल्यांनी तर हे नीट ध्यानात घ्यावे. १९८४ साली तेव्हाच्या भूसंपादन कायद्यात दुरुस्ती होऊन दिलासा रक्कम १५ टक्क्यांची ३० टक्के झाली, व्याजही वाढले. ज्यांचे हुकूमनामे आधीच कायम झाले होते त्यांनाही वाढ हवीशी वाटली, यात नवल काय? आपल्या महाराष्ट्रातल्या अशाच एका प्रकरणात हुकूमनाम्याच्या दुरुस्तीचा अर्ज झाला. १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की कायम झालेला हुकूमनामा अशा रीतीने वाढवण्याचा अधिकार दिवाणी न्यायालयाला नाही. मला ते कठोर वाटते. पण जिंकलेला निकाल समोरच्याने अर्ज देऊन दहा वर्षांनी फिरवला असता, तर आपल्याला चालले असते का?

म्हणून निकाल लागताच नकलेचा अर्ज द्या. नकल मिळेपर्यंतचे आवश्यक दिवस मुदतीत धरत नाहीत. ती वकिलांसमोर बसून वाचा. गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा आणि आपण मागितलेली एकेक गोष्ट बोट ठेवून ताडून पाहा. काही नाकारले असेल तर अपील करा. जिल्हा न्यायालयात मुदत ३० दिवसांची, उच्च न्यायालयात ९०. दुरुस्तीचा अर्ज दिला म्हणून ही मुदत थांबत नाही. आजोबा इथेच फसले.

त्यांनी आता उशीर माफ करण्याचा अर्ज जोडून अपील दाखल केले आहे. तीन वर्षांचा उशीर पटवून द्यायचा आहे. तोवर विहिरीवर मोटर चुलतभावाची. यंदा रब्बीला त्यांनी गहू घेतला नाही, कोरडवाहू हरभराच पेरला.